पऱ्हाटासुराचा डावा पाय

पऱ्हाटासुराचे एकूण आठ भाग आहेत. पहिल्या भागात तो तीन माणसं मारतो, पाचव्यात त्याला पोरगं होतं आणि सहाव्यात तो दिग्रसच्या एका दुकानातलं स्क्रीनगार्ड चांगलं असल्याचं सांगतो. हे सगळं मी लिहिलं आणि मीच दाखवलं. पूर्वी कोणी विचारलं तर मी छाती काढून सांगायचो. आता विचारलं तर म्हणतो, शाम राठोड नावाची बरीच पोरं आहेत तालुक्यात. हे खोटं नाही. आमच्या तांड्यातच तिघं आहेत.

घरी आम्ही गोरबोली, म्हणजे बंजाऱ्यांची भाषा, बोलतो, पण इथे आमचं बोलणं वऱ्हाडीतच लिहितो. नाहीतर अर्धे वाचक गाडी सुटायच्या आधीच उतरतील.

दोन हजार सतरा साली मी बारावीत होतो. कापसाचा शेवटचा वेचा झाला की आमच्याकडे पऱ्हाट्या, म्हणजे कापसाची वाळकी झाडं, उपटून घरामागे रचून ठेवतात आणि वर्षभर चुलीत घालतात. एका दुपारी त्या ढिगाकडे पाहताना मला वाटलं, हा ढीग उठून उभा राहिला तर? त्याला राग यायला कारण आहे. त्याची आई, त्याचा भाऊ, त्याचे सगळे नातेवाईक रोज कोणाच्या ना कोणाच्या चहाखाली जळतात. माझ्या मते हे कारण आजही मजबूत आहे.

राक्षस झाला माझा मित्र सुनील. त्याला निवडण्याचं कारण म्हणजे तो कशालाच नाही म्हणत नाही. शिवाय बारदाना त्याच्या अंगावरच शिवला होता, त्यामुळे त्याला निघून जाता आलं नसतं. बारदान्यात पऱ्हाट्या खोचल्या. डोक्यावर उपडं घमेलं, त्याला सायकलचे दोन लाल रिफ्लेक्टर. शूटिंग बापूच्या मोबाइलवर. बापू म्हणजे माझे वडील, रामसिंग. त्याने मोबाइल देताना एवढंच विचारलं, "फोन आला तं उचलशीन ना?"

सगळं जमलं, पण चाल जमेना. सुनील बारदान्यात असा चालायचा जसा राशनच्या दुकानात थैली घेऊन निघालाय.

"अबे, भूत नाही वाटून राह्यला तू," मी म्हटलं. "कार्डधारक वाटून राह्यला."

"मंग कसा चालू? तू दाखव."

मी त्याच्यासमोर उभा राहिलो आणि चालून दाखवलं. एक पाय टाकायचा. दुसरा उचलायचा नाही, बाजूने अर्धा गोल काढत ओढत आणायचा. तो येईपर्यंत कंबर एका अंगाला खाली जाते, खांदा वर येतो आणि हात आपोआप छातीवर जाऊन सदरा धरतो. आवाज येतो तो असा: टप्, खर्रर. टप्, खर्रर.

"बाप्पा!" सुनील म्हणाला. घमेल्याआड त्याच्या अंगावर काटा आला.

ही चाल मला कुठून सुचली हे त्याने विचारलं नाही. विचारायची गरज नव्हती. रोज सकाळी ती आमच्याच दारातून बाहेर पडायची.

मी सहा वर्षांचा असताना बापू कापसाच्या गाडीवर चढून कापूस तुडवत होता. गाडीत जास्त कापूस बसावा म्हणून वर उभं राहून पायाने दाबतात, तसा. तोल गेला आणि तो मागच्या मागे पडला. खुब्यात रॉड टाकला. उजवा पाय राहिला, पण आखूड राहिला आणि वाकायचा विसरला. त्यानंतर वावरात जाताना मी बापूच्या मागे चालायचो. एकदा मी मागून त्याच्यासारखं चालून दाखवलं तेव्हा याडी, म्हणजे माझी आई, डोक्यावरची पाटी सांभाळत फिस्सकन हसली. घरात दोन महिन्यांनी कोणीतरी हसलं होतं. मग मी रोज चालायला लागलो. म्हणजे पहिला प्रयोग वयाच्या सहाव्या वर्षी, प्रेक्षक एक, प्रतिसाद चांगला.

एक गोष्ट मात्र मला व्हिडिओ जोडताना दिसली. मी सुनीलच्या समोर तोंड करून शिकवलं होतं. मी उजवा पाय ओढला आणि त्याने समोर दिसला तसा डावा ओढला. म्हणजे बापूचा उजवा, पऱ्हाटासुराचा डावा. मी ते सुधारलं नाही. उलट मला बरं वाटलं. उद्या कोणी काही म्हणालंच, तर माझ्याकडे पुरावा होता. पाय वेगळा आहे.

आठ वर्षं मी तो पुरावा खिशात घेऊन फिरलो. कोणी मागितलाच नाही.

पहिला भाग अकरा मिनिटांचा होता आणि नेटवर टाकल्यावर आठवडाभरात चाळीस हजार लोकांनी पाहिला. दुसऱ्या भागात पऱ्हाटासुर दिग्रसच्या बसस्थानकावर हल्ला करायला जातो, पण तेवढ्यात पुसदची गाडी लागते आणि गर्दी त्याला आत ढकलून नेते. हे कथेत नव्हतं. सुनील खरंच पुसदला गेला. परतीच्या गाडीत त्याच्या शेजारी कोणी बसलं नाही म्हणून तो आडवा होऊन झोपत आला.

तिसऱ्या भागात वणीहून कोळशाचा राक्षस आला. तो सुनीलचा मावसभाऊ होता, अंगाला कोळशाची भुकटी चोळलेला. घनघोर लढाई बरोबरीत सुटली, कारण मावसभावाला ट्रक पकडायचा होता. तो पंधरा दिवस काळं शिंकत होता.

चौथ्या भागापर्यंत लोकांना राक्षस आवडायला लागला होता. 'त्याला मारू नका' असं लोक लिहायचे. मग मी त्याला चांगला केला. तो रात्रभर जागून सोयाबीनमधली रानडुकरं हाकलतो आणि सकाळी लोक त्याच्याच भावाला चुलीत घालतात. मागे बासरी लावली. दारव्ह्याच्या एका बाईंनी लिहिलं की त्यांनी त्या दिवशी चूल पेटवली नाही, गॅसवर केलं.

पाचव्यात पऱ्हाटासुराला पोरगं झालं. सुनीलच्या बहिणीचा, ममताचा, दोन वर्षांचा मुलगा. त्याला खराट्याएवढा ड्रेस शिवला. एका दृश्यात मोठा पऱ्हाटासुर वावरांमधल्या पांदीतून चाललाय, टप् खर्रर, आणि मागून तो लहानगा तसाच पाय ओढत चाललाय. सहा लाख लोकांनी पाहिलं. मी आजवर काढलेलं सगळ्यात खरं दृश्य तेच होतं, आणि ते काढताना मला काहीही आठवलं नाही. माणूस इतका बिनडोक असू शकतो याचा मी दाखला आहे.

सहाव्यात गाणं घातलं आणि चालीचा नाच केला. दोनदा टप्, एकदा खर्रर, टाळी. त्या हिवाळ्यात उमरखेडपासून वणीपर्यंत किती शाळांच्या गॅदरिंगमध्ये पोरांनी पाय ओढले याची गणती नाही. एका शाळेने मला प्रमुख पाहुणा म्हणून बोलावून नारळ दिला. सातव्यात मी सगळं पुन्हा पहिल्यापासून सांगितलं: तो आधी माणूस होता, पोलीस भरतीत अर्ध्या सेंटिमीटरने उंचीत बाद झाला आणि रागाने पऱ्हाट्यांच्या ढिगात जाऊन बसला. आधीचे सहा भाग रद्द. यावरून चाहत्यांत भांडणं झाली आणि मला वाटलं, आपण मोठे झालो.

यंदा होळीच्या आधी माझ्या धाकट्या बहिणीचं, अंजूचं जमलं. ती पुसदला नर्स आहे. मुलगा उमरखेडकडच्या तांड्यातला. गोळ ठरला. आमच्याकडे सोयरीक पक्की होताना मुलीचा बाप गुळाची परात घेऊन पाहुण्यांच्या एकेका वडीलधाऱ्याच्या हातावर आपल्या हाताने गूळ ठेवतो. तो खाल्ला की बोलणं संपलं. चिठ्ठी नाही, सही नाही.

आठ दिवस आधी अंजू अंगणात माझ्यासमोर येऊन उभी राहिली.

"भिया, गोळ डोंगरसिंग काका वाटून राह्यले म्हंते."

डोंगरसिंग काका म्हणजे बापूचा मोठा भाऊ.

"मंग? काकाचा हात लहान हाय का?"

"बापू नाही म्हंते उठाले."

"पाय दुखत असंन."

"पाय नाही दुखत. मी पाह्यला. रॉड जागेवर हाय, सूज नाही, काही नाही. कायले नाही म्हंते ते माहीत हाय तुले?"

मी म्हटलं, मले कसं माहीत असंन. ती खाटेच्या कडेला बसली आणि बोटं मोडत सांगायला लागली. आवाज नव्हता चढवलेला. औषधाच्या वेळा सांगतात तसं सांगत होती.

"पयला भाग आला तवा बापू रोज सकाळी चौकात जाये. तिसऱ्यानंतर चौक सुटला. पोरं मांगं लागत. पाचव्यानंतर शाळेकडचा रस्ता सुटला, वावरात आडवाटेनं नाल्यातून जाये. पाण्यातून, त्या पायानं. सहाव्यात तुहा नाच आला. तवा वावर काकाले करू दिलं. सातवा आल्यापासून तो खाटेवरून उठते ते मोरीपर्यंत. तुले वाटे, म्हातारा होऊन राह्यला. पन्नास वर्षांचा हाय तो."

मला खरंच तसं वाटलं होतं. मी एकदा त्याला काठीही आणून दिली होती. वर मूठ होती, वाघाच्या तोंडाची.

मी खिशातला पुरावा काढला. "पण अंजू, बापूचा उजवा हाय. पऱ्हाटासुराचा डावा."

तिने माझ्याकडे असं पाहिलं जसं गोळ्या घेतल्या म्हणून खोटं सांगणाऱ्या पेशंटकडे पाहतात.

"हे जाऊन बापूले सांग," ती म्हणाली. "आन आयक. बापानं आपल्या हातानं गोळ नाही देल्ला तं मी पाहुण्यांसमोर येत नाही. मंग तूच नेस लुगडं आन बस."

अशा वेळी माणसाने बापाजवळ जाऊन बसावं आणि चुकलं म्हणावं. खाट वीस पावलांवर होती. मी आठवा भाग काढायला घेतला.

माझा विचार असा होता. चालीनेच सगळं बिघडलं, तर चालच बदलून टाकू. पऱ्हाटासुर एका जंगलातल्या वैद्याकडे जातो, वैद्य त्याला लेप लावतो, आणि तो सरळ चालायला लागतो. पोरं नवी चाल शिकतील, जुनी विसरतील, आठ दिवसांत बापू मोकळा. हा विचार मला तेव्हा उत्तम वाटला होता, हे मी लपवत नाही.

"मले आता या ड्रेसमंधी सरळ नाही चालता येत बे," सुनील घमेल्यातून म्हणाला. "पायाले सवय झाली."

"आठवून पाहा. राशनच्या दुकानात जाये तसा."

"तूच तं म्हणे, कार्डधारक वाटते."

"आता कार्डधारकच पाह्यजे."

मग घमेलं काढून तो म्हणाला, "शाम, रामसिंग काकाले काही झालं का?"

मी विचारलं, तुले काहून तसं वाटते? तो म्हणाला, उगाच. त्या 'उगाच'मध्ये आठ वर्षं होती. मी म्हटलं, डावीकडून ये, ऊन जाऊन राह्यलं.

आठवा भाग चार दिवसांत काढला आणि टाकला. दुपारपर्यंत लोक चवताळले. 'हा नकली आहे.' 'चाल नाही तर पऱ्हाटासुर नाही.' यवतमाळच्या एका कॉलेजच्या पोरांनी गेटसमोर पाय ओढत मोर्चा काढला, चाल परत करा म्हणून. आणि या सगळ्याच्या वर, सगळ्यात जास्त लोकांनी पसंत केलेली एक ओळ होती. आमच्याच तांड्यातल्या कोणीतरी लिहिलेली. 'रामसिंग काकाची चाल परत आणा भाऊ.' पुढे हसून हसून रडणारी तीन तोंडं.

खाली दोनशे बारा लोक. त्यातली निम्मी नावं मला ओळखीची होती. नायकाचा, म्हणजे तांड्याच्या प्रमुखाचा, नातू होता. मोबाइल दुरुस्तीवाला होता. मला नारळ देणारे गुरुजी होते. म्हणजे सगळ्यांना पहिल्या भागापासून माहीत होतं, आणि जो एकटा स्वतःला हुशार समजून गप्प बसला होता तो मी होतो.

मी ती ओळ पुसली. पाच मिनिटांत ती दुसऱ्या कोणीतरी पुन्हा टाकली. मग मी मोबाइल बंद करून धान्याच्या कोठीत ठेवला. जणू तो तिथे असला की बाकीच्यांचे मोबाइलही बंद राहतील.

गोळाच्या दिवशी सकाळी अकराला पाहुणे दोन क्रूझरमधून आले. एकतीस माणसं. अंगणात हिरव्या जाळीचा मांडव, खाली सतरंज्या. समोर मुलाचे वडील खेमसिंग, त्यांच्या शेजारी त्यांची म्हातारी आई मोतीबाई, हातभर पांढऱ्या बलिया, म्हणजे बांगड्या, घातलेली, आणि मोतीबाईला टेकून बबिता नावाची आठ वर्षांची नात. बापू मांडवाच्या दुसऱ्या टोकाला भिंतीशी खाटेवर बसला होता. नवीन धोतर, गुलाबी फेटा, पायावर चादर. मधे पंधरा पावलं. दिग्दर्शकाला अंतर मोजायची सवय असते.

अंजू घरात दाराआड होती. तिचं बोट मला दिसत होतं. चौकटीवर होतं आणि पांढरं पडलं होतं.

डोंगरसिंग काकाने परात उचलली.

"थांबा बापा," मोतीबाई म्हणाली. "पोरीचा बाप कोन्ता?"

"तो तिकडं हाय, याडी. पाय दुखते त्याचा. मी देतो, मी काका हाव."

"पाय दुखते तं बसून राहू द्या," म्हातारी म्हणाली आणि गुडघ्यावर हात ठेवून उठायला लागली. "आमी जातो त्याच्यापाशी. चाला रे, उठा सगळे."

तिच्या मनात काही नव्हतं, चांगुलपणाच होता. पण सोयरे गूळ घ्यायला सतरंजीवरून उठून खाटेपाशी रांग लावणार, हे आमच्या अंगणात घडण्यापेक्षा अंगण नांगरून टाकलेलं बरं. खेमसिंगही उठायला लागले.

"बसा," बापू म्हणाला. "कोनी उठू नोका."

त्याने पायावरची चादर बाजूला केली. काठी घेतली नाही. शेजारी उभ्या काकाच्या हातातून परात घेतली आणि मांडवातून चालायला लागला.

टप्, खर्रर.

एकतीस पाहुणे आणि आमचा अर्धा तांडा, आणि तेवढा एकच आवाज. दोन्ही हातांत परात होती म्हणून सदरा धरता येत नव्हता, त्यामुळे खांदा जास्तच वर जात होता. टप्, खर्रर. सहाव्या पावलाला बबिता उभी राहिली.

"आजी!" ती ओरडली. "पऱ्हाटासुर!"

मागच्या सतरंजीवर कोणीतरी हसू दाबलं आणि ते नाकातून निघालं. आमच्याच तांड्यातलं होतं. खेमसिंगांनी पोरीचा हात ओढला, "गप वं!" आणि बापू मधोमध थांबला. परात हातात, एक पाय पुढे, एक मागे राहिलेला.

मी चार हात अंतरावर पाण्याचा जग घेऊन उभा होतो. आठ भागांचे संवाद मी लिहिले होते. पऱ्हाटासुराला, वैद्याला, कोळशाच्या राक्षसालासुद्धा मी बोलायला शिकवलं. एक वाक्य पुरलं असतं. हे माझे वडील आहेत आणि ही चाल मी चोरली. मी पाहुण्यांना विचारलं, "पाणी?"

कोणी पाणी घेतलं नाही.

बापू पोरीकडे वळला. माझ्याकडे त्याने पाहिलं नाही.

"वळखलं का मले?" तो म्हणाला.

बबिता आजीच्या बलियांमागे सरकली. "तुमीच तो का?"

"हाव. आतमंधी मीच असतो."

मांडवाच्या खांबापाशी सुनील उभा होता, आठ वर्षं बारदान्यात शिजलेला. त्याचं तोंड उघडं राहिलं. मग त्याने ते मिटलं आणि मान डोलावली, जणू हे त्याला कायमच माहीत होतं.

पण बबिता साधी प्रेक्षक नव्हती. तिला सातही भाग पाठ होते. आठवा ती मानतच नव्हती.

"खोटं," ती म्हणाली. "त्याचा डावा पाय हाय. तुमचा तं उजवा."

माझा पुरावा. इतकी वर्षं मी जपून ठेवलेला, आणि एका आठ वर्षांच्या पोरीने भर मांडवात तो माझ्या बापाच्या तोंडावर ठेवला.

"मोबाइलमंधी उलटं दिसते, बाई," तो म्हणाला.

तिने आईच्या हातातून मोबाइल ओढला, पुढचा कॅमेरा लावला, उजवा हात वर केला, पडद्याकडे पाहिलं, डोकं तिरकं केलं. सगळा मांडव वाट पाहत होता. नायक वाट पाहत होते.

"हाव," ती शेवटी म्हणाली. "उलटंच दिसते." मग लगेच, "मंग आवाज काढा."

पऱ्हाटासुराचा आवाज म्हणजे पिठाच्या गिरणीचा, उलटा वाजवलेला. तो कोणाच्याही घशातून निघणं शक्य नाही. बापूने परात छातीशी धरली, मान मागे टाकली आणि रानडुकरं हाकलताना मचाणावरून देतात ती हाळी दिली. पाच वर्षांत त्याने ती दिली नव्हती. सावलीतली कुत्री उठून उभी राहिली. मांडवाची जाळी हलल्यासारखी वाटली. बबिता किंचाळली आणि खदाखदा हसली, मग मोतीबाई हसली, मग खेमसिंग मांडीवर थाप मारून म्हणाले, "अरे वा! समधी तं कलाकार निघाले! कोनी सांगितलंच नाही आमाले!"

"घरच्या गोष्टी हायेत," बापू म्हणाला. "सांगत नाही आमी."

आणि तो पुढे निघाला. टप्, खर्रर. पहिला गूळ त्यांच्या नायकाच्या हातावर, मग खेमसिंगांच्या, मग मोतीबाईच्या. मग उरलेल्या सगळ्या वडीलधाऱ्यांच्या. बबिता त्याच्या मागे मागे पाय ओढत चालत होती. तिच्यामागे पाहुण्यांची आणखी तीन पोरं लागली, आणि बापूने एकालाही हटकलं नाही. याडी चुलीपाशी पदर तोंडावर धरून उभी होती. हसत होती की काय करत होती, ते मी नीट पाहिलं नाही. चौकटीवरचं बोट निघालं आणि अंजू बाहेर आली.

जेवणं झाली, क्रूझर गेल्या. सुनील मला भेटून गेला. "काकानं माही जागा घेतली, पण मले राग नाही आला," एवढंच म्हणाला, आणि मला कळलं की त्याला आला असता तरी त्याने तो सांगितला नसता.

बापू रांजणापाशी हात धूत होता. बोटांना गूळ चिकटला होता, तो एकेक बोट चोळत होता. मी तांब्याने पाणी ओतायला गेलो.

"तू सगळे पाह्यले का, बापू?" मी विचारलं.

"आठ."

मी पाणी ओतत राहिलो.

"आठवा बरा होता," तो म्हणाला. "सरळ चालला थो."

मग त्याने हात झटकले आणि कामाचं काहीतरी सांगावं तसं सांगितलं, "पोराले वखर शिकवतानी मानूस पुढं चालते. समोर तोंड करून नाही शिकवत. पाय उलटे पडते."

"चुकलं, बापू," मी म्हणालो. ते इतक्या हळू आलं की त्याने ऐकलं का, मला माहीत नाही. त्याने धोतराला हात पुसले.

"परात आन," तो म्हणाला. "मुंग्या लागतीन."

तो घराकडे निघाला. मी मांडवातून परात उचलली आणि त्याच्या मागे निघालो. टप्, खर्रर. त्याच्या मागून चालायचं म्हटलं की माझे पाय सहाव्या वर्षी शिकले तेच करतात, हे मी विसरलो होतो. चार पावलांनंतर मला ऐकू आलं, खर्रर दोनदा येत होतं. एकदा पुढून, एकदा माझ्या खालून. उजवा पाय. अगदी बरोबर पाय.

मी थांबलो. त्यालाही ऐकू गेलं असणार, कारण त्याचं पुढचं पाऊल थोडं उशिरा पडलं. पण त्याने वळून पाहिलं नाही. त्याचा आवाज उंबऱ्याच्या आत जाईपर्यंत मी परात घेऊन तिथेच उभा राहिलो. हातावर मुंग्या चढायला लागल्या होत्या.